उधारीचा दावा: समरीत टाकायचा की साक्षीपुराव्यावर चालवायचा?

मोंढ्यातली उधारी अडकली, चेक परत आला किंवा हातउसने दिलेले पैसे बुडायला लागले, की चार माणसं एकच सल्ला देतात: समरी टाका, लगेच हुकूमनामा होतो. समरी म्हणजे साक्षीपुरावा न घेता कागदांवरच निकाल देणारा दावा, आणि हुकूमनामा म्हणजे वसुलीचा न्यायालयाचा निकाल. सल्ला अर्धा खरा आहे. कागद भक्कम असला तर समरी दाव्यासारखा जवळचा रस्ता नाही. कागदात फट असली तर तोच दावा प्रतिवादीच्या (ज्याच्यावर दावा आहे त्याच्या) बचावाच्या परवानगीच्या अर्जावर कित्येक तारखा अडकतो आणि शेवटी साध्या दाव्यांच्या रांगेत येऊन बसतो. तोवर मुनीम नोकरी सोडून गेलेला असतो, काटा पावत्यांची शाई उडालेली असते. म्हणून दावा टाकण्याआधीच नीट ठरवायला हवं की हे प्रकरण कागदावर निघेल, की साक्षीदार उभे करावे लागतील.

समरीत नेमकं काय होतं

दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ३७ मध्ये ही पद्धत दिली आहे. साध्या दाव्यात प्रतिवादी कैफियत (लेखी उत्तर) देतो, न्यायालय मुद्दे काढतं म्हणजे वाद नेमका कशावर आहे ते ठरवतं, साक्षी होतात. समरीत प्रतिवादीला बचावाचा हक्क आपोआप मिळत नाही. समन्स मिळाल्यापासून १० दिवसांत त्याने हजेरी नोंदवायची. मग वादी निकालासाठीचं समन्स बजावतो. त्यासोबत दाव्याचं कारण आणि रक्कम खरी असल्याचं, आणि प्रतिवादीकडे बचाव नाही असा आपला विश्वास असल्याचं शपथपत्र देतो. ते मिळाल्यापासून पुन्हा १० दिवसांत प्रतिवादीने शपथपत्रासह बचावाची परवानगी मागायची. हजेरीच दिली नाही, परवानगी मागितली नाही किंवा ती नाकारली गेली, तर साक्षीपुराव्याशिवाय हुकूमनामा होतो. सबळ कारण असेल तर झालेला उशीर न्यायालय माफ करू शकतं.

कोणते दावे यात बसतात, हेही मोजून दिलं आहे: हुंडी, वचनचिठ्ठी, चेक यांवरचे दावे, लेखी करारातून निघणारी ठरीव रक्कम, कायद्यानेच ठरवून दिलेली रक्कम (दंड सोडून), आणि जामीनदाराने दिलेली लेखी हमी. मागणी फक्त पैशाची हवी. दाव्याच्या क्रमांकाखाली तो आदेश ३७ खालचा असल्याचं लिहावं लागतं. दावा याच आदेशाखाली आहे आणि त्याबाहेरची कोणतीही मागणी नाही, अशी स्पष्ट वाक्यंही दाव्यात हवीत. ही वाक्यं राहिली म्हणून सुरुवातीलाच दावा घसरतो, आणि चूक फक्त मसुदा करणाऱ्याची असते.

पहिली कसोटी: कागद एकटा बोलतो का?

सगळे कागद टेबलावर मांडा आणि स्वतःला विचारा: ज्याने हा व्यवहार पाहिला नाही, त्याला फक्त हे कागद दिले तर तो रक्कम, तारीख आणि देणेकरी सांगू शकेल का? सांगू शकला तर समरी. "हे काय आहे ते आमच्या मुनिमाला विचारा" असं एकदा जरी म्हणावं लागलं, तर तिथे साक्ष लागणार, आणि साक्ष लागणार म्हणजे दावा पूर्ण चालणार.

या कसोटीवर नुसता खातेउतारा टिकत नाही. टॅली उघडून काढलेला उतारा तुमचाच कागद असतो. भारतीय साक्ष अधिनियम, २०२३ च्या कलम २८ नुसार हिशेबाच्या वहीतली नोंद पुरावा म्हणून चालते, पण केवळ तेवढ्यावर कोणाच्या माथी देणं मारता येत नाही. त्या नोंदीला बिल, डिलिव्हरी चलन, बँकेची नोंद किंवा साक्ष यांचा आधार द्यावा लागतो. संगणकातून काढलेल्या उताऱ्याला, व्हॉट्सअॅपच्या संभाषणाला कलम ६३ चं प्रमाणपत्र लागतं. हा कायदा १ जुलै २०२४ पासून लागू आहे. त्याच्या नमुन्यात दोन भाग आहेत आणि फाइलचं हॅश मूल्यही (फाइल बदललेली नाही हे दाखवणारा तिचा संकेतांक) लिहायचं असतं. जुन्या नमुन्यातली प्रमाणपत्रं अजूनही दाखल होतात आणि त्यावर हरकत येते.

"हो दादा, दिवाळीनंतर देतो" असा मेसेज असला की धनको निश्चिंत होतो. तो मेसेज उपयोगी आहे यात शंका नाही, पण कशाचे पैसे, किती आणि कोणत्या बिलाचे, हे त्यात नसतं. शिवाय दावा टाकायची मुदत वाढवायला सही केलेली लेखी कबुली लागते आणि मेसेजला तसं धरायचं का यावरच वाद उभा राहतो.

परवानगी कधी मिळते: पाच पायऱ्या

२०१६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने आयडीबीआय ट्रस्टीशिप विरुद्ध हबटाउन या निकालात जुन्या कसोट्या नव्याने मांडल्या. आज न्यायालयात त्याच लावल्या जातात. त्या साध्या भाषेत अशा.

बचाव इतका भक्कम आहे की प्रतिवादी जिंकण्याची शक्यता दिसते: बिनशर्त परवानगी. बचाव जिंकेलच असं नाही, पण चौकशी करण्याजोगा, रास्त मुद्दा आहे: इथेही सहसा बिनशर्त परवानगी. मुद्दा आहे, पण प्रतिवादीच्या प्रामाणिकपणाची शंका येते: न्यायालय दावा चालवण्याच्या वेळेच्या किंवा पद्धतीच्या अटी, किंवा पैसे भरायची, तारण द्यायची अट घालू शकतं. बचाव ऐकायला शक्य वाटतो, पण पटत नाही: अटी आणखी कडक, अगदी मूळ रक्कम व्याजासह न्यायालयात भरण्यापर्यंत. बचावात काहीच दम नाही: परवानगी नाही, हुकूमनामा.

रकमेचा काही भाग प्रतिवादीने कबूल केला असेल, तर तेवढी रक्कम न्यायालयात भरल्याशिवाय उरलेल्या भागासाठी परवानगी मिळत नाही. ही तरतूद वादीच्या फार कामाची आहे आणि तिचा वापर कमी होतो. समजा दावा ६,८०,००० रुपयांचा आहे आणि नोटिशीच्या उत्तरात समोरचा म्हणतो, "माझ्याकडे फक्त २,१०,००० निघतात." ते उत्तर जपून ठेवा आणि निकालासाठीच्या शपथपत्रात उद्धृत करा. मग २,१०,००० भरल्याशिवाय तो पुढे जाऊ शकत नाही.

एक लक्षात घ्या. परवानगी नाकारणं हा अपवाद आहे. सर्वोच्च न्यायालयाने २०२२ मध्येही हेच पुन्हा सांगितलं. म्हणून "समोरच्याचा मुद्दा खोटा आहे" हे तुम्हाला माहीत असणं पुरेसं नाही. तो खोटा असल्याचं कागदावरूनच दिसलं पाहिजे.

बचाव ओळखायला शिका

*कोरा चेक तारण म्हणून दिला होता.* हा सगळ्यात जास्त ऐकू येणारा बचाव. सही कबूल असेल तर परक्राम्य संलेख अधिनियमाच्या कलम ११८ नुसार चेक मोबदल्यापोटीच दिला असं गृहीत धरलं जातं, आणि नसल्याचं दाखवायचं ओझं प्रतिवादीवर पडतं. सही केलेला कोरा चेक स्वेच्छेने दिला, तर तो नंतर दुसऱ्याने भरला म्हणून गृहीतक ढासळत नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने २०१९ मध्ये सांगितलं. त्यामुळे नुसतं "कोरा होता" एवढ्यावर फार तर सशर्त परवानगी मिळते. पण त्याच चेकसोबत प्रतिवादीने जुना व्यवहार मिटल्याची पावती, चेक परत मागणारी तेव्हाची नोटीस किंवा बँकेला दिलेली पेमेंट थांबवण्याची सूचना दाखवली, तर चित्र बदलतं.

*सही माझी नाही.* चेक परतल्याचा बँकेचा मेमो आधी बघा. कारण "निधी अपुरा" असेल तर बँकेला सहीत खोट दिसली नव्हती. "सही जुळत नाही" असेल तर हस्ताक्षर तज्ज्ञ लागणार, आणि मग पूर्ण चौकशी अटळ.

*माल आलाच नाही.* त्या महिन्याच्या जीएसटीत खरेदीदाराने त्याच बिलाचा इनपुट क्रेडिट (खरेदीवर भरलेल्या कराची वजावट) घेतला असेल तर या बचावाचं बळ जातं. ई-वे बिल, काटा पावती, ट्रान्सपोर्टची बिल्टी आणि मालाच्या पोहोचेवर घेणाऱ्याची सही हे सगळं जोडा. चलनावर फक्त ड्रायव्हरची किंवा "कोणीतरी" केलेली सही असेल तर ती कोणाची, हा खरा मुद्दा होतो.

*माल खराब निघाला.* इथे बारकावा आहे. जालन्याच्या रोलिंग मिलची सळई असो, लातूरच्या डाळमिलला गेलेली तूर असो, खरेदीदाराने माल ठेवून घेतला, वापरला आणि वाजवी वेळेत नाकारल्याचं कळवलं नाही, तर वस्तू विक्री अधिनियम, १९३० च्या कलम ४२ नुसार त्याने माल स्वीकारला असं धरलं जातं. स्वीकारल्यानंतरही दर्जा कमी असल्याबद्दल किंमत कमी मागता येते, पण ती किती कमी, हे पुराव्याने ठरवावं लागतं. म्हणून बघायचं ते तारखांकडे. माल मिळाल्यावर आठवड्याभरात डेबिट नोट, ओलाव्याचा किंवा प्रतीचा अहवाल, फोटो आणि मेल गेला असेल, तर हा चौकशीचा रास्त मुद्दा आहे. समरीची जिद्द सोडा. पहिली तक्रार नोटिशीच्या उत्तरातच आली असेल, तर तो पटणारा बचाव नाही आणि अट घालून घेण्यासारखा आहे. बियाणं उगवलं नाही अशी तक्रार असेल तर तालुका पातळीवरच्या समितीचा पंचनामा झाला का ते तपासा. पंचनामा झाला असेल तर दावा साक्षीपुराव्यावरच जाईल.

*हा सावकार आहे.* हातउसने, महिना दोन-तीन टक्के व्याज, आणि धनकोचे तीन-चार जणांवर असेच दावे, हे एकत्र आलं की हा बचाव गंभीर होतो. महाराष्ट्र सावकारी (नियमन) अधिनियम, २०१४ च्या कलम १३ नुसार कर्ज देताना परवाना नसेल तर सावकाराच्या बाजूने हुकूमनामा देता येत नाही. एकाच ओळखीच्या माणसाला एकदा दिलेली रक्कम म्हणजे सावकारीचा धंदा नव्हे, पण धंदा आहे की नाही हे ठरवायला पुरावा लागतो. त्याच न्यायालयात वादीने टाकलेल्या इतर दाव्यांचे क्रमांक प्रतिवादीने शपथपत्रात दिले, तर परवानगी मिळण्याची शक्यता बरीच वाढते.

*वीस हजारांवर रोख दिली, म्हणून व्यवहारच बेकायदा.* आयकर कायद्यातली ती मर्यादा मोडली तर दंड होतो, पण देणं बुडत नाही. सर्वोच्च न्यायालयाने २०२५ मध्ये हे स्पष्ट केलं आहे. तरीही पाच लाख रोख कुठून आले, हा प्रश्न उरतो. बँकेतून काढल्याची नोंद किंवा विक्रीची पट्टी नसेल तर धनकोने साक्षीची तयारी ठेवलेली बरी.

*मुदत संपली.* साधारण हिशेब तीन वर्षांचा. उसने दिलेल्या रकमेला दिल्या तारखेपासून. मागणीवर देय वचनचिठ्ठीला चिठ्ठीच्या तारखेपासून. मालाला उधारीची मुदत ठरलेली असेल तर ती संपल्यापासून, नसेल तर माल दिल्यापासून. मुदतीच्या आत सही केलेली लेखी कबुली किंवा देणेकऱ्याच्या हस्ताक्षराची वा सहीची नोंद असलेली रक्कमपोहोच असेल, तर तीन वर्षं नव्याने सुरू होतात. तारीख कागदावर स्पष्ट असेल तर यात चौकशीचं काही नाही. कबुलीवरची तारीखच मागाहून टाकली असा आरोप असेल तर आहे.

ठोक रक्कम कोणत्या बिलात वळवली?

मराठवाड्यातल्या व्यापारी दाव्यांचं सगळ्यात मोठं दुखणं हे आहे, म्हणून इथे जरा थांबू. हंगामात माल जातो, सुगीनंतर ठोक पैसे येतात, आणि ते कोणत्या बिलापोटी आले हे कोणीच लिहीत नाही. मग दावा बिलांवर टाकला जातो, प्रतिवादी म्हणतो "मी भरलेले पैसे याच बिलांचे होते", आणि हिशेबाचा वाद उभा राहतो.

समजा परभणीच्या ठोक विक्रेत्याने पाथरीच्या कृषी सेवा केंद्राला खत-बियाण्याची ११ बिलं दिली, एकूण ४,३६,००० रुपयांची. जूनची ३ बिलं १,२४,००० ची, त्यांवर फक्त गाडीवाल्याची सही. जुलै-ऑगस्टची ८ बिलं ३,१२,००० ची, त्यांवर दुकानदाराची सही आणि शिक्का. नोव्हेंबरात ९०,००० आरटीजीएसने आले, कशापोटी ते लिहिलेलं नाही. बाकी ३,४६,०००.

भारतीय करार अधिनियमाच्या कलम ५९ ते ६१ मध्ये उत्तर आहे. देणेकऱ्याने सांगितलं असेल किंवा परिस्थितीवरून दिसत असेल, तर रक्कम त्याच बिलात. तसं काही नसेल तर धनको आपल्या मर्जीने कोणत्याही देय रकमेत वळवू शकतो. दोघांनीही काही केलं नाही तर आधीचं देणं आधी फिटतं. वरच्या उदाहरणात धनकोने ९०,००० जूनच्या बिलांत वळवावेत, तसं पावतीवर लिहावं आणि दुकानदाराला कळवावं. मग जूनचे ३४,००० उरतात आणि सहीच्या ८ बिलांचे ३,१२,००० पूर्ण राहतात. समरी फक्त या ३,१२,००० ची. सहीवाला भाग स्वच्छ निघतो आणि दुबळ्या तीन बिलांमुळे सगळा दावा साक्षीत ओढला जात नाही.

याला किंमत आहे. एकाच दाव्याच्या कारणातला भाग सोडला, तर आदेश २ नियम २ मुळे तो मागाहून मागता येत नाही. प्रत्येक बिल स्वतंत्र सौदा असेल तर प्रश्न कमी, एकच चालू खातं (सगळ्या बिलांचा सलग एकत्र हिशेब) असेल तर मोठा. ३४,००० साठी ३,१२,००० अडकवायचे नाहीत, हे मात्र आम्ही ठामपणे सांगू. उलट सही नसलेली बिलंच जास्त रकमेची असतील तर समरीचा नाद सोडून साधा दावा टाका.

जे समरीत टाकूच नये

ऊसतोडीची उचल. बीड-धाराशिव पट्ट्यात कारखाना किंवा वाहतूकदार मुकादमाला (मजूर आणणाऱ्या टोळीप्रमुखाला) टोळीसाठी लाखांची उचल, म्हणजे आगाऊ रक्कम, देतो, स्टॅम्पपेपरवर करार होतो, आणि टोळी आली नाही की वसुलीचा दावा. करार लेखी असतो, म्हणून समरी सोपी वाटते. पण टोळी काही दिवस आली असते, तोडणी-वाहतुकीची बिलं आणि कमिशन वजा व्हायचं असतं, मागच्या हंगामाची बाकी व्याजासह नव्या करारात ओढलेली असते. खरी बाकी किती, हे हिशेबाशिवाय निघत नाही. आणखी एक गंभीर बाब: प्रतिवादी मुकादम नसून स्वतः मजूर असेल आणि उचलीच्या बदल्यात त्याला कामाला बांधून ठेवलं असेल, तर वेठबिगार पद्धती (निर्मूलन) अधिनियम, १९७६ नुसार ते देणंच संपुष्टात येतं आणि त्याच्या वसुलीचा दावा चालत नाही. असा कागद कोणी आणला तर वसुलीची भाषा करण्याआधी हे तपासलंच पाहिजे.

नुकसानभरपाई. माल उशिरा आला म्हणून झालेला तोटा, मिल बंद राहिल्याचा खर्च, बुडालेला नफा, या ठरीव रकमा नाहीत. त्यातली एक जरी मागणी दाव्यात घातली तर दावा आदेश ३७ बाहेर जातो.

इसारपावतीचे पैसे. प्लॉटचा सौदा कोणाच्या चुकीने मोडला हे ठरल्याशिवाय इसार परत मिळत नाही, आणि ते साक्षीशिवाय ठरत नाही.

मापावर अवलंबून असलेली कामं. वाळूजच्या कारखान्यातलं शेडचं काम, जॉबवर्कची बिलं. अंतिम मोजमाप पुस्तकावर सही असेल तर ठीक, नसेल तर साधा दावा.

मयत देणेकऱ्याचे वारस. वारस आपल्याकडे आलेल्या इस्टेटीपुरतेच जबाबदार असतात. "आम्हाला व्यवहार माहीत नाही, सही वडिलांची नाही" हे त्यांचं म्हणणं न्यायालय सहजासहजी खोटं धरत नाही.

पुरेसं तिकीट (मुद्रांक) नसलेली वचनचिठ्ठी. ती नंतर दंड भरूनही पुराव्यात घेता येत नाही. मूळ उसनवारी वेगळी सिद्ध होत असेल तर तिच्यावर साधा दावा टाकता येतो, चिठ्ठीवर समरी नाही.

दाखल करण्याआधी

भागीदारी पेढी वादी असेल तर पेढीची नोंदणी बघा. नोंदणी नसलेल्या पेढीला कराराच्या हक्कावर तिऱ्हाईतावर दावा करता येत नाही आणि दावा टाकल्यानंतरच्या नोंदणीने तो वाचत नाही. बिलाच्या खाली लवादाची ओळ छापली आहे का वाचा. "जालना न्यायक्षेत्र" अशी ओळ असेल तर ती समोरच्याने मान्य केली होती का, तेही. बिलावर छापलेलं २४ टक्के व्याज सही नसेल तर वादात सापडतं. त्यासाठी मूळ रक्कम धोक्यात घालू नका.

व्यापाऱ्या-व्यापाऱ्यांतला मालाचा व्यवहार ३ लाख किंवा त्याहून जास्त रकमेचा असेल तर तो व्यावसायिक न्यायालयात जातो. तिथे तातडीचा अंतरिम आदेश मागायचा नसेल तर आधी जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे मध्यस्थीचा अर्ज सक्तीचा आहे. समरी दाव्यालाही हे लागू आहे. २० ऑगस्ट २०२२ नंतर हा टप्पा वगळून टाकलेला दावा फेटाळला जातो. मध्यस्थीची मुदत तीन महिने, दोघांच्या संमतीने आणखी दोन. हा काळ मुदतीच्या कायद्यात धरला जात नाही, पण शेवटच्या आठवड्यात धावपळ करू नका.

व्यावसायिक न्यायालयात आणखी एक दार आहे: आदेश १३-क. दावा साधा टाकलेला असला तरी समन्स बजावल्यानंतर आणि मुद्दे निघण्याआधी कोणत्याही बाजूला संक्षिप्त निकालाचा अर्ज करता येतो. समोरच्याला उत्तरासाठी ३० दिवस मिळतात. दुसऱ्या बाजूला यश मिळण्याची खरी शक्यता नाही आणि तोंडी पुरावा घेण्याचं इतर सबळ कारण नाही, हे दाखवावं लागतं. आधीच आदेश ३७ खाली टाकलेल्या दाव्यात हा अर्ज चालत नाही. म्हणून जिथे कागद बरे आहेत पण समरीच्या चौकटीत नीट बसत नाहीत, तिथे साधा व्यावसायिक दावा टाकून कैफियत आल्यावर १३-क वापरणं जास्त शहाणपणाचं. कैफियतीत स्पष्ट कबुली आली तर कोणत्याही दाव्यात आदेश १२ नियम ६ खाली तेवढ्यापुरता निकाल मागता येतो.

प्रतिवादीसाठी

तुमचं देणं खरंच वादग्रस्त असेल तर परवानगीचं शपथपत्र हेच तुमचं शस्त्र. "दावा खोटा आहे, मला मान्य नाही" एवढ्यावर काही मिळत नाही. तारीख, रक्कम, बिल क्रमांक, कोणाला कळवलं, कसं कळवलं हे लिहा आणि प्रत्येक विधानाला कागद जोडा. मान्य असलेली रक्कम स्वतःहून भरायची तयारी दाखवा. त्याने प्रामाणिकपणा दिसतो आणि अट सौम्य होते. आधी आलेल्या नोटिशीला उत्तर दिलं नसेल तर का नाही तेही सांगा. गप्प राहिलेल्या माणसाचा पहिला बचाव न्यायालय संशयाने बघतं.

सशर्त परवानगीत रक्कम भरायची तारीख चुकली तर हुकूमनामा लगेच होतो. अट जाचक वाटली तर त्या तारखेच्या आधीच मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठात रिट दाखल करावी लागते. नुसती दाखल करून भागत नाही, स्थगिती मिळायला हवी.

परवानगी मिळाल्यावर वादीने काय करावं

बिनशर्त परवानगीविरुद्ध खंडपीठात जाण्याआधी दोनदा विचार करा. त्या वेळात पुरावा पूर्ण होऊ शकतो. कैफियतीची तारीख त्याच आदेशात बांधून घ्या, आणि कैफियत आली की मुद्दे काढण्याचा अर्ज द्या. मुद्दे निघाल्यावर १५ दिवसांत साक्षीदारांची यादी लागते.

साक्षीदार निवडताना मालकाने स्वतःच उभं राहायचा हट्ट धरू नये. सौदा मालकाने केला असेल तर तो बोलेल, पण बिल मुनिमाने लिहिलं, माल गोदामातल्या माणसाने भरला, वजन काट्यावर झालं. ज्याने पाहिलं त्यानेच सांगावं. मुखत्याराला स्वतःला माहीत नसलेल्या गोष्टींवर मालकाच्या वतीने साक्ष देता येत नाही. कंपनी असेल तर साक्ष देणाऱ्याच्या नावे संचालक मंडळाचा ठराव आधीच काढून ठेवा. मूळ बिलं, मूळ चेक आणि परतीचा मेमो सरतपासणीच्या (आपल्या साक्षीदाराच्या पहिल्या जबाबाच्या) शपथपत्रासोबतच निशाणीवर घ्या, म्हणजे पुरावा म्हणून क्रमांक टाकून दाखल करा. झेरॉक्सवर उलटतपासणी सुरू झाली की मूळ कागद शोधण्यात तारखा जातात.

समोरचा या काळात जिनिंगची मशिनरी किंवा प्लॉट विकायला निघाला असेल तर निकालाआधीच्या जप्तीचा अर्ज आदेश ३८ नियम ५ खाली करता येतो. त्यासाठी विक्रीची जाहिरात, इसारपावतीची प्रत, सातबाऱ्यावरचा फेरफार असं काही हातात लागतं. पैसे थकलेत एवढ्याने जप्ती मिळत नाही. तलाठी कार्यालयातून आणि दुय्यम निबंधकाकडून दर महिन्याला उतारे काढत राहिलात, तर त्या अर्जाची वेळ आली की हात रिकामे राहणार नाहीत.